पुराच्या खुणा

(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त पनागर येथे दिलेल्या व्याख्यानाचा पाठ)



सुवर्णमहोत्सवाच्या निमित्ताने संतवाङ्मय, नाट्यसंगीत किंवा मराठ्यांचा इतिहास यांवर बोलणारे वक्ते कोणत्याही मंडळाला सहज मिळतात. पुरासारख्या ओल्या विषयावर बोलण्यासाठी कार्यकारिणीने माझी योजना केली, तिचे कारण माझी विद्वत्ता नव्हे, हे आरंभीच सांगून टाकतो. मी अभियंता नाही, जलशास्त्रज्ञ तर नाहीच नाही. कला शाखेची पदवी घेऊन केंद्र सरकारच्या नोकरीत शिरलेला आणि बदल्यांच्या निमित्ताने चार नद्यांचे पाणी प्यालेला मी एक साधा अधिकारी आहे. तथापि पुराची गोष्ट अशी आहे की, ती अभियंत्यांवर सोपवून आपल्याला स्वस्थ बसता येत नाही. धरण बांधणे, दरवाजे उघडणे ही त्यांची कामे खरी. पण पाणी ओट्याशी आले असता घर सोडायचे की नाही, हा निर्णय त्या घरातल्या माणसालाच घ्यावा लागतो, आणि तो बहुधा रात्री, पावसात आणि विजेचे दिवे गेलेले असताना घ्यावा लागतो.

आपण आज जेथे जमलो आहोत ते पनागर नर्मदेच्या काठी नाही. जबलपूरचे नाव निघाले की ग्वारीघाट, तिलवाराघाट आणि भेडाघाट डोळ्यांपुढे उभे राहतात, आणि पूर म्हटला की तो नर्मदामाईचाच, अशी आपली समजूत असते. पनागरच्या परिसराचा संबंध मात्र आधी परियट नदीशी आहे. परियट हिरनला मिळते आणि हिरन पुढे नर्मदेला. जबलपूरहून अधारताल आणि महाराजपूर मागे टाकून या बाजूला येताना परियटचा पूल आपली मोटार अर्ध्या मिनिटात ओलांडते. उन्हाळ्यात त्या नदीकडे कोणी मान वळवूनही पाहत नाही. किंबहुना काठच्या गोठ्यांतून तिच्यात येणाऱ्या शेणामुळे मान दुसरीकडे वळवावीशी वाटते.

लहान नदीला कोणी भीत नाही, आणि हाच तिचा खरा धोका. मोठी नदी दूरदूरचा पाऊस गोळा करीत येते. तिला चढायला वेळ लागतो आणि तिच्या येण्याची वर्दी आधी मिळते. आपल्या देशात शास्त्रीय पद्धतीने पुराची पूर्वसूचना देण्यास १९५८ साली दिल्लीला यमुनेपासून आरंभ झाला. आज केंद्रीय जल आयोग नर्मदेवर मंडल्यापासून भडोचपर्यंत ठिकठिकाणी पाण्याची उंची मोजून पुढच्या गावांना सावध करतो. पण ही व्यवस्था मुख्यतः मोठ्या नद्यांसाठी आहे. परियटसारख्या नदीच्या उगमाकडे पाच-सहा तास मुसळधार पाऊस झाला, तर त्याची वार्ता आणि त्याचे पाणी ही दोन्ही एकदमच आपल्या दाराशी येऊन उभी राहतात. त्यातून परियटमध्ये मगरींची वस्ती आहे, हे आपणांस ठाऊकच आहे. पूर आला की तीही मंडळी नदीचे पात्र सोडून शेतात आणि वस्तीत हिंडू लागतात. बिचाऱ्यांना वाहत्या पाण्यातून सुटका हवी असते, एवढेच. परंतु ते समजून घेण्याची ती वेळ नसते!

दुसरीही एक गोष्ट लक्षात घ्यावी. ऐन पावसाळ्यात नर्मदा दुथडी भरून वाहू लागली की भेडाघाटचा धुआँधार दिसेनासा होतो. पाहुण्यांना हौसेने घेऊन जावे आणि धबधब्याऐवजी नुसता गढूळ, फुगलेला प्रवाह दाखवून परत आणावे, हा प्रसंग आपल्यापैकी पुष्कळांवर आला असेल. याचे कारण सोपे आहे. धबधब्याच्या पुढे संगमरवरी खडकांची घळई अरुंद आहे. तिच्यातून एवढे पाणी एकदम निघू शकत नाही, म्हणून ते मागे तुंबते आणि धबधब्याची उंचीच गिळून टाकते. हेच संगमांच्या ठिकाणीही होते. नर्मदा चढलेली असली की तिला मिळणाऱ्या उपनद्यांचे तोंड जणू बंद होते, आणि त्यांचे पाणी उलट्या अंगाने शेतांत पसरते. उपनदीच्या काठच्या माणसाला वाटते, ‘आपल्याकडे तर पाऊस थांबला, मग पाणी चढते कसे?’ ते चढते याचे कारण पुढची वाट अडलेली असते.

कोल्हापूर-सांगलीकडच्या मंडळींना हे समजावून सांगण्याची गरज नाही. पंचगंगा कृष्णेला जेथे मिळते त्या नृसिंहवाडीत हा सारा खेळ दर वर्षी पाहावयास मिळतो. पाणी चढत चढत दत्तमंदिरात शिरते, पादुकांवरून वाहत दक्षिण दाराने बाहेर पडते, आणि त्या वेळी स्नानासाठी भाविकांची दाटी होते. हाच तो दक्षिणद्वार सोहळा. त्याचे धार्मिक माहात्म्य सांगणारे अधिकारी पुरुष वेगळे. माझ्यासारख्या व्यवहारी माणसाला त्यात दिसते ती एका गावाची तयारी. पाणी अमुक पायरीला लागले की काय हलवायचे, उत्सवमूर्ती नारायणस्वामींच्या मंदिरात केव्हा न्यायची, हे तेथील पुजाऱ्यांना कोणत्याही परिपत्रकावाचून माहीत असते. देवालासुद्धा वेळेवर स्थलांतर करावे लागते आणि त्यात त्याला कमीपणा वाटत नाही, ही गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. कारण माणसांना तो वाटतो.

२०१९ च्या ऑगस्टमध्ये माझ्या एका मावसबहिणीच्या सासूबाई कुरुंदवाडच्या घरातून हलेनात. वय ८१, गुडघे धरलेले. मुलगा बेंगळूरला, मुलगी परदेशी. दोघेही रात्रभर दूरध्वनीवर विनवण्या करीत होते, आणि म्हातारीचे उत्तर ठरलेले : “२००५ ला पाणी त्या तुळशीवृंदावनाशी येऊन मागे फिरलं. यंदाही तिथूनच फिरेल.” तिच्या बोलण्यात हट्ट होता, पण मूर्खपणा नव्हता. तिने पूर पाहिलेला होता, मोजलेला होता, आणि तिची खूण पक्की होती. चुकली ती खूण नव्हे, तर त्या खुणेपुढे पाणी जाणार नाही हा विश्वास चुकला. शेवटी शेजारच्या दोन तरुणांनी खुर्चीसकट उचलून तिला बाहेर काढले. दुसऱ्या दिवशी तुळशीवृंदावन दिसत नव्हते.

तिच्यासारखीच समजूत त्या वर्षी हजारोंची झाली होती. सांगलीच्या आयर्विन पुलाजवळ धोक्याची पातळी ४५ फुटांची. २००५ साली पाणी ५३ फुटांच्या वर गेले होते, आणि लोकांनी भिंतींवर रेघा ओढून ठेवल्या होत्या. २०१९ मध्ये ते ५७ फुटांच्या वर गेले. कोल्हापुरात राजाराम बंधाऱ्यापाशी २०१९ ला पाणी ५५ फुटांच्या वर चढले, तेव्हा आता याहून अधिक काय होणार, असे सर्वांना वाटले. दोनच वर्षांनी, २०२१ च्या जुलैत, त्याने ५६ फूटही ओलांडले. मात्र या खेपेस अनुभव ताजा होता. पुष्कळ गावांनी सूचनेची वाट न पाहता जनावरे आणि म्हातारीकोतारी माणसे आधीच हलवली होती. पूर मोठा होता, पण त्याने गाठले ते रिकाम्या घरांना.

नदीची स्मरणशक्ती आपल्यापेक्षा पुष्कळ मोठी असते. पुणे विद्यापीठाचे भूरूपशास्त्रज्ञ विश्वास काळे आणि त्यांच्या परदेशी सहकाऱ्यांनी आपल्याच नर्मदेच्या पुनासाजवळच्या घळईत, पुराने आडोशाला टाकलेल्या गाळाचे थर तपासून, सुमारे १७०० वर्षांच्या महापुरांचा मागोवा घेतला आहे. आपण आजोबांच्या आठवणीपलीकडे जात नाही. १९२६ चा नर्मदेचा पूर सांगणारे आज कोणी उरले नाही. १९७३ च्या ऑगस्टअखेरीस होशंगाबाद बुडाले, ते पाहिलेली माणसेही आता उताराला लागली आहेत. त्यानंतर तवा धरण झाले, १९९० मध्ये बरगी धरण भरले, आणि आता नर्मदा आवरली गेली, अशी भावना घाटोघाटी पसरली. धरणाचा हा एक विचित्र गुण आहे. लहानसहान पूर ते पोटात घेते. त्यामुळे माणसे निर्धास्त होऊन काठाकडे सरकत जातात, पटांगणाच्या जागी दुकाने आणि दुकानांच्या मागे घरे उठतात. मग एखाद्या वर्षी धरणे आधीच भरलेली असताना पुन्हा अतिवृष्टी होते, आणि दरवाजे उघडण्यावाचून गत्यंतर उरत नाही. २०२० च्या ऑगस्टअखेरीस, १९७३ नंतर ४७ वर्षांनी, त्याच आठवड्यात होशंगाबादेत, म्हणजे आजच्या नर्मदापुरमात, सैन्याला पाचारण करावे लागले. बरगीच्या जलाशयासाठी मंडला, सिवनी आणि जबलपूर या जिल्ह्यांतील १६२ गावांना झळ पोहोचली, हेही जाता जाता स्मरणात ठेवू. खालच्या गावांची सुरक्षितता फुकट आलेली नाही.

धरणाचा विषय निघाला की मराठी माणसाला पानशेत आठवतेच. १२ जुलै १९६१. पानशेतचे अपुरे धरण सकाळी फुटले, त्याच्या लोंढ्याने दुपारी खडकवासलाही गेले, आणि मुठेकाठच्या पेठांत पाणी शिरले. त्या दिवसाच्या करुण कथा आपण सर्वांनी ऐकल्या आहेत. मला त्यातली एकच बाब पुढे करावयाची आहे. आदल्या रात्री जवानांनी वाळूची पोती रचून धरण तासन्‌तास थोपवून धरले. त्यांना ते वाचवता आले नाही, पण त्यांच्या श्रमांमुळे पाणी पुण्यात मध्यरात्री न येता दिवसाढवळ्या आले. जे वाचले त्यांतले किती या काही तासांनी वाचले, याची मोजदाद कोण करणार? पुराच्या बाबतीत पाण्याची उंची जितकी महत्त्वाची, तितकेच घड्याळही महत्त्वाचे असते. म्हणून माझे सांगणे असे की, जे हलायचे ते अंधार पडण्यापूर्वी हलावे. रात्री पाण्यात पाऊल टाकणाऱ्याला खड्डा दिसत नाही, तार दिसत नाही आणि साप तर नाहीच.

महाराष्ट्रात १९८९ पासून नदीकाठी निळी आणि लाल अशा दोन पूररेषा आखण्याचा नियम आहे. निळ्या रेषेच्या आत बांधकामास मनाई, आणि निळ्या व लाल रेषेच्या मधल्या पट्ट्यात निर्बंध. निळी रेषा ढोबळमानाने २५ वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची, तर लाल १०० वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची. या ‘वर्षांतून एकदा’ने फार घोटाळा केला आहे. १०० वर्षांचा पूर म्हणजे आज आला की पुढे ९९ वर्षे सुट्टी, असा त्याचा अर्थ नव्हे. दर वर्षी तो येण्याची शक्यता शंभरात एक, इतकेच त्यात सांगितलेले असते. घरबांधणीचे कर्ज समजा ३० वर्षांचे आहे. तेवढ्या काळात निळ्या रेषेपर्यंत पाणी एकदा तरी येण्याची शक्यता शंभरात सत्तर आणि लाल रेषेपर्यंत येण्याची शंभरात सव्वीस. निवृत्तीनंतर गावी जाऊन नदीकाठी टुमदार घर बांधण्याचा संकल्प आपल्यातील अनेकांनी सोडला आहे. त्यांनी पाया खणण्यापूर्वी पाटबंधारे खात्याकडे जाऊन हा नकाशा अवश्य पाहावा. ज्योतिषाला पत्रिका दाखवण्यास माझा विरोध नाही, पण नकाशा आधी पाहावा.

आता सूचनांविषयी दोन शब्द. ‘बरगीचे अमुक दरवाजे उघडले, दोन लाख क्युसेक विसर्ग सुरू,’ असे आपण ऐकतो. क्युसेक म्हणजे सेकंदाला एक घनफूट, सुमारे अठ्ठावीस लिटर पाणी. आकडा अचूक असतो, परंतु ग्वारीघाटावर फुले विकणाऱ्या बाईला त्याचा उपयोग काय? तिला हवे असते ते असे : ‘संध्याकाळी सहापर्यंत पाणी या पायरीशी येईल, टोपली उचला.’ सरकारी भाषेचे हे मराठीत किंवा हिंदीत नव्हे, तर पायऱ्यांत आणि तासांत भाषांतर करणारा माणूस प्रत्येक वस्तीत हवा. असा माणूस तयार करण्यास फारसा खर्च नाही. पुलाच्या खांबावर, शाळेच्या भिंतीवर आणि एखाद्या जुन्या झाडावर रंगाने तीन खुणा करून ठेवाव्यात. पहिल्या खुणेला पाणी लागले की जनावरांची दावी सोडायची, दुसरीला वृद्ध, आजारी आणि गरोदर स्त्रिया हलवायच्या, तिसरीला घराचा मेन स्विच बंद करून सर्वांनी निघायचे. या खुणा पावसाळ्यापूर्वी, उन्हात, शांतपणे ठरवलेल्या असाव्यात. पाणी आल्यावर ठरवायला बसले की घरात तीन मते होतात.

दाव्यांचे मुद्दाम सांगतो, कारण परियटच्या काठी गोठे फार आहेत. बांधलेले जनावर पोहून वाचू शकत नाही. मोकळी म्हैस बहुधा स्वतःची वाट काढते. रात्रीच्या पुरात मालकाला गोठ्यापर्यंत पोहोचता येत नाही, म्हणून आभाळाचा रंग पाहून संध्याकाळीच दावी सैल करणे हा शहाणपणा. तशीच गोष्ट रपट्यांची. पाणी वाहत असलेल्या रपट्यावर मोटार घालणाऱ्याला आपले वाहन जड आहे असे वाटते. प्रत्यक्षात वीतभर जोरकस प्रवाह माणसाचे पाय उखडतो आणि दोन फूट पाणी मोटार उचलून नेते. नावेचेही तेच. ८ ऑगस्ट २०१९ रोजी पलूस तालुक्यातील ब्रह्मनाळ येथे क्षमतेहून अधिक माणसे घेऊन निघालेली नाव उलटली आणि १७ जीव गेले. त्या नावेत गर्दी का झाली? पाणी गावाला वेढा घालीपर्यंत थांबावे लागले किंवा थांबले गेले, म्हणून. सुटका उशिरा सुरू झाली की ती स्वतःच एक संकट होते.

जबलपुरात बावन्न ताल होते, असे जुने लोक सांगतात. राणीताल, चेरीताल, अधारताल ही नावे आज आपल्या पत्त्यांत उरली आहेत. त्यांतल्या कित्येक ठिकाणी पाण्याऐवजी घरांचीच दाटी आहे. पावसाचे पाणी मात्र जुना पत्ता विसरलेले नाही. ओमती नाला तुंबला की ते आपल्या मूळच्या जागी परत येते आणि तेथे राहणारे म्हणतात, ‘आमच्या घरात पाणी शिरले.’ या विषयावर महापालिकेला दोष देणारे भाषण सोपे आहे आणि तुम्हांला आवडेलही. पण नाल्यात टाकल्या जाणाऱ्या पिशव्या कोणा परक्याच्या नसतात, म्हणून ते मी करीत नाही.

२२ मे १९९७ च्या पहाटेचा भूकंप येथे बसलेल्या पुष्कळांनी अनुभवला आहे. धरणीने काही कळवले नव्हते. पूर त्या मानाने सभ्य शत्रू आहे, तो बहुधा कळवून येतो. अपवाद भयंकर असतात. ३० जुलै १९९१ रोजी नागपूर जिल्ह्यातील मोवाड गावावर वर्धा नदी अशी कोसळली की दोनशेहून अधिक माणसे गेली. वर्धा उगम पावते ती आपल्या मध्यप्रदेशात, बैतूल जिल्ह्यात मुलताईच्या बाजूला. तापीही तेथलीच. इकडे पडलेला पाऊस तिकडे आपल्या आप्तांच्या दारी जातो, हे विदर्भ-खानदेशातून येथे आलेल्या कुटुंबांनी ध्यानात ठेवण्यासारखे आहे. येथे दोन दिवस झड लागली तर गावी नुसती खुशाली न विचारता नदीची पातळीही विचारावी.

दूर राहणाऱ्या आपल्यासारख्यांना आणखी एक करता येण्याजोगे आहे. गावी एकट्या राहणाऱ्या आईवडिलांच्या शेजारच्या दोन घरांचे आणि त्यातील तरुण मुलांचे दूरध्वनी क्रमांक आपल्याजवळ असावेत, आणि पाणी कोणत्या खुणेला लागले की आईवडिलांनी कोणाकडे जायचे, हे गणपतीत किंवा दिवाळीत समोरासमोर बसून ठरवावे. पुराच्या रात्री दूरध्वनीवर वाद घालून वडीलमाणसे ऐकत नाहीत. आपल्या आधीच्या शब्दाला मात्र ती जागतात. घरातील कागदपत्रे, म्हणजे जमिनीचे उतारे, मुलांच्या गुणपत्रिका, निवृत्तिवेतनाचे आदेश, बँकेची पुस्तके, एका जाड प्लॅस्टिकच्या पिशवीत एकत्र ठेवावीत. पुरानंतर भिजलेली गादी उन्हात वाळते. भिजून लगदा झालेला निवृत्तिवेतनाचा आदेश नव्याने मिळवण्यास एका वृद्ध विधवेला किती खेपा घालाव्या लागतात, हे मी मेजाच्या दुसऱ्या बाजूने पाहिले आहे. आणि पाणी ओसरले की लगेच विहिरीचे पाणी पिऊ नये. आधी उपसा, मग क्लोरीन, आणि तोवर उकळलेले पाणी. पुरातून वाचलेली माणसे पुढच्या पंधरवड्यात अतिसाराने आजारी पडतात, आणि तोवर वर्तमानपत्रांना दुसरा विषय मिळालेला असतो.

मंडळाच्या सभागृहाविषयी कार्यकारिणीशी माझे बोलणे झाले आहे. पावसाळ्याच्या चार महिन्यांत त्याच्या किल्ल्या एकाऐवजी तीन घरी राहतील, आणि त्या घरांची नावे दारावर लिहिलेली असतील. शंभर माणसांचा स्वयंपाक होईल एवढी भांडी आपल्याकडे गणेशोत्सवाची आहेतच. बाहेर मेजावर एक वही ठेवली आहे. आपल्या घरातील वृद्ध आणि आजारी व्यक्ती, जवळच्या दोन शेजाऱ्यांचे क्रमांक, आणि ज्यांना पोहता येते किंवा ज्यांच्याकडे जीप आहे त्यांची नावे, एवढी माहिती जाताना तीत लिहावी. पेन मी तेथे ठेवले आहे. गेल्या वर्षीच्या अनुभवावरून ते दोऱ्याने बांधलेही आहे.